साधा भूतकाळ

क्रोमरला, समुद्राला पाठमोऱ्या त्या स्वयंपाकघरात
टेबलावर पुस्तकाच्या चार प्रती पडल्यात,
खेकडे फोडायच्या चिमट्यांशेजारी.
सासरे वरच्या खोलीत.
पुस्तक निघालं की ते असेच वर जाऊन बसतात,
चोरी पचली की नाही
ते जिन्यावरून ऐकत.

मुखपृष्ठावर बारीक अक्षरांत 'कादंबरी'.
आत मात्र सगळे आपापल्या खोडींसकट.

हाइन्के तोंड उघडते आधी:
"बरणी मी फोडली नव्हती. योस्टनं फोडली.
आता छापून आलंय म्हटल्यावर
कोण ऐकणार माझं?"
योस्ट म्हणतो, "आणि मी अंथरूण कधी ओलं केलं?"
हाइन्के त्याच्याकडे नुसती बघते.
सासूबाई सांगतात,
नॉर्विचच्या स्टेशनवर त्या रडल्या नव्हत्या,
डोळ्यांत काहीतरी गेलं होतं.
आणि कोट हिरवा नव्हता.
कोट करडा होता,
हे त्या दोनदा सांगतात.

पान एकशे बेचाळीसवर मी आहे.
तिथं मी लिस्बनची, लोकांचे दात तपासते,
माशांत मीठ फार घालते.
मी कोथरूडची, हिशेब तपासते,
आणि मीठ माझं कधी चुकत नाही.
पण 'कादंबरी' लिहिलंय ना वर.
तक्रार कुठल्या खिडकीत करायची?

माझं जर्मन हळू चालतं,
बोट क्लब रोडवरच्या संध्याकाळच्या वर्गात शिकलेलं.
तळवलकर बाई फळा पुसत म्हणायच्या,
अवघड काही नाही, आपला 'असता' आठवा.
आला असता. जेवला असता.
जे झालं नाही त्याची क्रियापदं वेगळी मांडायची,
सोवळ्यातल्या भांड्यांसारखी,
शिवाशिव नको.

म्हणून मी अडखळले असेन.
पान साठवर टिल शाळेत गेला.
ब्याऐंशीवर गणितात आपटला.
एकशे दहावर, नाताळच्या रात्री,
काळं चामडी जॅकेट घालून उशिरा आला,
बापाशी भांडला, दार आपटून गेला.
शेवटच्या प्रकरणात त्याला टक्कल पडलं,
शेफील्डमध्ये तो बॉयलर दुरुस्त करत होता,
दोन मुली होत्या, धाकटी तोतरी.
मी मागे गेले, पुन्हा वाचलं, शब्दकोश काढला.
कुठेच 'असता' नाही.
आला. जेवला. गेला.

टिल चर्चच्या मागे आहे.
चार वर्षांचा.
दर ऑक्टोबरात योस्ट दगडावरचं शेवाळ खरवडतो,
मी पाण्याची बाटली धरून उभी राहते.
दोन तारखा,
मधली रेघ नखाएवढी.

टेबलावर कुणी ते नाव काढत नाही.
हाइन्के बरणीवरून मानधनावर येते,
मानधनावरून छपराच्या गळतीवर.
योस्ट खेकड्याचा पाय मोडतो
आणि मोडलेला तसाच हातात धरून राहतो.

मग सासूबाई चष्मा लावतात.
आयुष्यभर त्यांनीच सासऱ्यांची मुद्रितं तपासली,
पेन्सिल अजून कानामागे.
पान एकशे दहा उघडतात.
मला वाटतं, आता खोडणार.
अख्ख्या पानावर एकच आडवी रेघ,
इतकी ताठ बसल्यात त्या.
पण त्या समासात काहीतरी लिहितात,
फुंकर मारतात, पुस्तक मिटतात.
"खेकडे गार होतायत," म्हणतात.

टेबल आवरताना मी चोरून बघते.
बारीक, सरळ अक्षर:
'काळं नव्हतं. तपकिरी होतं.'

मी ताट घेऊन वर जाते.
खिडकीत राखाडी पाणी,
पाण्यापल्याड कुठेतरी त्यांचं गाव.
"काय म्हणतायत खाली?"
"जॅकेटचा रंग चुकलाय म्हणे."
ते बराच वेळ काट्याशी खेळतात.
"कोण म्हणालं?"
मी सांगते.
"कुठला होता?"
"तपकिरी."

विजेच्या बिलाच्या पाकिटावर
ते लिहून घेतात.
मग घासभर खेकडा खाऊन म्हणतात,
मीठ कमी पडलं आज.